मागच्या पायरीचे कलम

मी, बकुळा हिंदुराव शिंगटे, वय एक्कावन्न, धंदा खाणावळीचा, राहणार अंबरनाथ, शिवमंदिराच्या वाटेवर, माझ्यामागे माझ्या चीजवस्तूंचे काय करावे ते आज रविवारी स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझे डोके ठिकाणावर आहे. ज्याला शंका असेल त्याने परवा ज्या व्यापाऱ्याला मी ओली ज्वारी परत न्यायला लावली त्याला विचारावे. माझ्यावर कोणी दाब टाकलेला नाही. तसा माणूस अजून जन्माला यायचा आहे. घाई मात्र आहे. शुक्रवारी मुंबईच्या इस्पितळात माझ्या पोटातली गाठ काढणार आहेत. डॉक्टर म्हणाले, "काळजीचे कारण नाही." हे म्हणताना ते खिडकीबाहेर बघत होते.

कलम १. राहते घर, दोन खोल्या, वर कौले, मागे आड, हे माझा मुलगा शशिकांत याला. पोस्टातले पैसे इस्पितळ खाईल तेवढे खाईल. उरतील ते माझी स्वयंपाकीण विठा हिला. माझी काथवटही विठालाच. तिच्याइतके पीठ मळणारे कोणी नाही, आणि तिच्याइतके तोंड चालवणारेही नाही.

माझे थोरले दीर आण्णा यांना काहीही नाही. मालक विषमज्वराने गेले, मुलगा आठ वर्षांचा, आणि मी चार कामगारांना जेवण करून घालू लागले, तेव्हा हे साताऱ्याकडून आले ते मला सांगायला की मराठ्याची बाई भाकऱ्या विकत नाही. मी म्हटले, "मग मराठ्याचा भाऊ दोन पोती जोंधळे पाठवू दे." ते त्याच गाडीने परत गेले. ते कधी खाणावळीत आले तर त्यांना जेवायला जरूर वाढावे. पैसे घेऊन.

कलम २. अंबरनाथची खाणावळ, म्हणजे बकुळा भोजनालय, पाट, भांडी, तांब्याचे दोन हंडे, चुली यांसह शशिकांतला. पण चुलीपाशी विठाचा शब्द शेवटचा. शशिकांत हुशार आहे, फोर्टातल्या कचेरीत टायपिंग करतो, पण त्याला वरण उतू जाताना दिसत नाही.

(मध्ये उठून आले. वरणच उतू गेले होते. विठा कोणाशी तरी कोथिंबिरीवरून भांडत होती.)

या खाणावळीचा एक रिवाज आहे तो लिहून ठेवते. मालक काड्यापेटीच्या कारखान्यात होते, त्यांच्याच पाळीत कोरेगावकडचा आनंदा नावाचा एक कामगार होता. पहिल्या दिवशी मी त्याला विचारले, "भाकरी देऊ का?" तो म्हणाला, "पुरे." मी टोपली घेऊन पुढच्या पानाकडे गेले. हात धुवायला म्हणून तो मागे गेला आणि आडावर उभ्या उभ्या तीन तांबे पाणी प्याला. पोट भरायला. मला मेल्याहून मेल्यासारखे झाले. आमच्या माणसाला विचारले की तो लाजतो, आणि लाजला की उपाशी उठतो. त्या दिवसापासून अंबरनाथला भाकरी विचारून वाढत नाहीत. पान रिकामे दिसले की टाकायची. "नको नको" करतो त्याला अर्धी, हाताने पान झाकतो त्यालाच सोडायचे. कारखान्याच्या तिन्ही पाळ्यांना हे ठाऊक आहे आणि म्हणूनच ते येतात, माझ्या गोड बोलण्यासाठी नव्हे.

कलम ३. शशिकांतच्या कागदाबद्दल.

त्याने दोन पाने टाइप करून आणली आहेत. वर लिहिले आहे, "कंपनीची वाढ : अग्रक्रम व मूलतत्त्वे." सरकारने पाच वर्षांची योजना काढली म्हणून यानेही काढली. अग्रक्रम एक, बदलापूर. दोन, कल्याण. तीन, मुंबईत गिरणगाव. चार, पाट काढून सगळीकडे टेबल-खुर्ची. पाच, सर्व शाखांत वाढण्याची एकच पद्धत, म्हणजे गिऱ्हाईक कुठेही गेले तरी त्याला ओळखीचे वाटेल. मूलतत्त्वे तीन : स्वच्छता, तत्परता, नम्रता.

मी विचारले, "नम्रता कोणाची?"

"आपली, आई."

"माझ्या खाणावळीत नम्रता कोणी पाहिली?"

तो हसला. पण कागद उचलून नेला नाही, तिथेच ठेवून गेला. पोरगा वाईट नाही. त्याचे खरेही आहे. मी मेले तर दोन खाणावळी दोन वर्षांत बंद पडतील, कारण सगळे माझ्या डोक्यात आणि विठाच्या हातात आहे. कंपनी करायला माझी ना नाही. नवा कायदा झाला आहे, तो म्हणतो, होऊ द्या. बदलापूर, कल्याण, कुठेही जा. टेबले आणायची तर आणा, माझे गुडघेही आता पाटावर बसू देत नाहीत. मात्र पाचव्या क्रमांकावर मी काट मारली आहे. ती का, ते कॅम्पातल्या दुकानावरून कळेल.

कलम ४. उल्हासनगर, निर्वासितांच्या कॅम्प चारमधले दुकान, म्हणजे माझी दुसरी खाणावळ. यात माझा अर्धा हिस्सा, अर्धा पेसूमल यांचा. माझा अर्धा शशिकांतला. पेसूमल यांचा त्यांचाच आहे, तो मी देणारी कोण?

पेसूमल यांची शिकारपूरला मिठाईची पेढी होती. फाळणीत सगळे टाकून आले. बराकीच्या दारात पकवान तळून विकत. एकदा अंबरनाथला जेवून गेले आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा आले ते मला कॅम्पात दुकान काढायला सांगायला. ही गोष्ट पन्नास सालची. बराकीचा अर्धा भाग मिळाला, मधे गोणपाटाचा पडदा, बाके, टेबले. पहिल्या दिवशी मी आमच्या रिवाजाने वाढायला घेतले. एका म्हाताऱ्याच्या थाळीत न विचारता दुसरी भाकरी टाकली. तो थाळी सरकवून उठला. मागून आणखी दोघे उठले. मला काही कळेना. मी तोंड सोडणार तेवढ्यात पेसूमल आडवे आले.

"माई, इधर पूछ के दो. ये लोग तीन साल से लाइन में खड़े हैं. थाली में जो गिरा वो खाया. इनको ना बोलने दो."

मी त्या म्हाताऱ्याकडे गेले आणि विचारले, "रोटी चाहिये, बाबा?" तो म्हणाला, "नहीं." मी टोपली घेऊन तिथेच थांबले. तेव्हा तोच म्हणाला, "आधी दे दो." मग आणखी एक. मग कांदा मागितला, मग पापड.

तर कॅम्पात विचारायचे आणि अंबरनाथला विचारायचे नाही. शशिकांतला वाटते ही गबाळेगिरी आहे. बाळा, पद्धती दोन आहेत, तत्त्व एकच आहे, आणि ते तुझ्या तिनांत नाही. कोणी उपाशी उठू नये, आणि कोणी लाजेने उठू नये. नव्या गावात दुकान काढशील तेव्हा आधी महिनाभर तिथे जेवणाऱ्यांत बस, कोण कशाने लाजतो ते बघ, मग वाढायला घे. हा माझा अग्रक्रम एक. टाइप करून वर लाव.

हे लिहून मी उठले, चहा केला, प्याले, खाली बसले, पुन्हा उठले. विठा म्हणते, "बाई, मुंग्या लागल्यात का तुम्हाला?" हात दाखवून अवलक्षण म्हणतात तसे झाले आहे. हे मोठे तत्त्व मी पोराला शिकवले आणि मोडले ते मीच. ते लिहिल्याशिवाय पुढचे कलम लिहिता येत नाही.

कलम ५. बदलापूरला बेलवलीत घेतलेली मोकळी जागा, जिच्यावर शशिकांतचा अग्रक्रम एक उभा राहायचा आहे, ती मी जिवली सखा आगिवले हिला देत आहे. राहणार बारवी नदीपल्याडची ठाकरवाडी.

जिवली चौदा वर्षे आमच्या पत्रावळी आणत होती. पळसाची पाने, हिरव्या काडीने टाचलेली, भिजली तरी न गळणारी. सोमवारी आणि गुरुवारी डोक्यावर गठ्ठा घेऊन बदलापूरपासून चालत यायची. पहिल्या दिवशी ती दमून खाणावळीच्या मागच्या पायरीवर टेकली, आणि मी तिथेच तिला जेवायला वाढले. त्यात मनात काही नव्हते. दुसऱ्या खेपेला ती आपण होऊन पायरीवर बसली, मी आपण होऊन तिथे वाढले. झाला रिवाज. ती चौदा वर्षे तिथेच जेवली. पोटभर जेवली, न विचारता वाढले मी तिला, पण पायरीवर. तिच्याच पत्रावळीवर आत शंभर माणसे जेवत होती.

पंचावन्न साली आण्णा आले. तेच आण्णा. कॅम्पातले दुकान जोरात चालते हे साताऱ्यापर्यंत गेले होते, बघायला आले. मी नऊवारी नवी नेसले, त्यांना समोरच्या टेबलावर बसवले, श्रीखंड केले. मला त्यांना दाखवायचे होते की भाकऱ्या विकणारी बाई बघा कुठे पोचली. तेवढ्यात माझी नजर कोपऱ्यात गेली. जिवली, त्या दिवशी पहिल्यांदाच कॅम्पात पत्रावळी घेऊन आलेली, गठ्ठा उतरवून बाकावर जेवत बसली होती. बराकीला मागचे दार नाही, मागची पायरी नाही. पेसूमल यांनी तिला सरळ आत बसवले होते. त्यांना आमचा रिवाज ठाऊकच नव्हता. आण्णांनी भुवई वर केली, एवढीशी.

आणि मी म्हणाले, सगळ्यांना ऐकू जाईल असे, "ए जिवले, तू तिथं कुठं बसलीस? ऊठ. बाहेर जा."

तिने पत्रावळ दुमडली. भात तसाच होता, वर वरण. "बरं, बाय," म्हणाली आणि गेली. त्यानंतर ती आली नाही. आण्णांनी श्रीखंड तीनदा घेतले.

अडीच वर्षे झाली. मी निरोप पाठवायला हवा होता. पाठवला नाही. आधी राग होता, तिचाच, कारण ती न आल्यामुळे मला ठेकेदाराच्या फाटक्या पत्रावळी घ्याव्या लागल्या. बघा माझी जात. मग राग गेला आणि दुसरे काही आले. गाठ डॉक्टरांना आता सापडली. दुसरे काहीतरी त्याआधीपासून आहे, आणि ते इस्पितळात काढत नाहीत.

म्हणून जागा जिवलीला. शशिकांत चिडेल. चिडू दे.

सोमवार. कलम ५ रद्द करते. का, ते लिहिते.

सकाळच्या गाडीने बदलापूरला उतरले, तिथून बैलगाडी केली. नदीपाशी गाडीवान म्हणाला पुढे चाक जात नाही, तर पोट धरून चालत गेले. जिवली खळ्यावर भात झोडत होती. मला पाहिले, ओळखले, आणि झोडतच राहिली. मी एका दगडावर बसले. "बस" असे कोणी म्हटले नव्हते.

मी म्हटले, "जिवली, माझं ऑपरेशन आहे. बेलवलीची जागा माझ्यामागं तुझ्या नावानं करतेय, कागदात लिहिलंय."

"का?"

"का ते तुला ठाऊक आहे."

तिने पेंढी खाली टाकली. "मना नको ती जागा."

"अगं, चांगली जागा आहे. स्टेशनापासून लांब नाही."

"जागा घेतली का तू सुटलीस. मी कुठं सुटते?" ती म्हणाली. आवाज चढलेला नव्हता, हे जास्त वाईट होते. "मी पायरीवर बसत होते तवा मना काय वाटत नव्हतं, बाय. पायरी माझी होती. त्या दिशी मना त्या शेठनं बसवली, हाताला धरून. मी बसले. मना ग्वाड वाटलं. अन् तू उठवलीस."

मी मान खाली घातली. आयुष्यात पहिल्यांदा. विठा असती तर तिने गावभर केले असते.

"मग काय करू, सांग," मी म्हटले.

"तू बोललीस तवा सगली खानारी ऐकत होती. आता जे बोलायचं ते त्यांच्या म्होरं बोल. मेल्यावर नाय. कागदात लपवून नाय."

"उद्या दुपारी. कॅम्पात. तू येशील?"

"येते का नाय ते सांगत नाय," म्हणाली आणि पेंढी उचलली.

परत येताना गाडीत मी तिला मनातल्या मनात दहा उत्तरे दिली. एकही पटले नाही. हे मृत्युपत्र म्हणजे दुसरे काय होते? मी गेल्यावर शशिकांत वाचेल, जिवलीच्या हातात सातबारा पडेल, आणि मी सरणावर निवांत. ऐकून घ्यायला मी नसणार. मोठी धोरणी बाई!

रात्रभर कूस बदलत होते, ते सोडा.

मंगळवार. दुपारी साडेबाराला कॅम्पातले दुकान भरले होते. तीसेक माणसे असतील. शशिकांत रजा घेऊन आला होता, कारण त्याला वाटले मी कंपनीच्या कागदावर सही करणार. जिवली आली नव्हती. एक वाजला. पेसूमल म्हणाले, "माई, कल पढ़ लेना." मी म्हटले, कल मी अंथरुणातून उठेन की नाही माहीत नाही, आणि उभी राहिले.

वर लिहिलेले कलम ५ मी मोठ्याने वाचले. आण्णांपासून श्रीखंडापर्यंत, एक शब्द गाळला नाही. "बाहेर जा" हे दोनदा म्हटले, मागच्या बाकापर्यंत जावे म्हणून. पेसूमल मागून सिंधीत सांगत होते. माणसे खाता खाता थांबली. एका तरुणाने हसण्यासारखे काहीतरी केले, त्याला शेजारच्याने कोपर मारले. पान उलटायला मान वर केली तर जिवली दारात उभी. उंबऱ्याच्या बाहेर. कधी आली कोण जाणे.

वाचून झाले. मी म्हटले, "जिवली, माझं चुकलं. आत ये. बस."

तिने उंबरा ओलांडला नाही. सगळी बाके माझ्याकडे बघत होती. मला वाटले ही आता जाणार, आणि जावेही.

"आज नाय," ती म्हणाली. "आज बसले तर ही सगली बघत बसतील मी कशी खाते ते."

एवढी गोष्ट मला कळायला हवी होती. आयुष्य वाढण्यात गेले माझे.

मग तिने विचारले, "बेलवलीत खानावल कवा काढता?"

शशिकांत म्हणाला, "पावसाळ्याच्या आधी, मावशी." मावशी म्हणाला. मी शिकवले नव्हते.

"तवा येईन. पैशे देऊन खाईन. अन् मागली पायरी बांधू नको."

तेव्हा कलम ५ असे वाचावे : बेलवलीची जागा शशिकांतला, कंपनीच्या पहिल्या शाखेसाठी. इमारतीला मागची पायरी बांधायची नाही. मागे दार ठेवले तर ते माणसांच्या जेवण्यासाठी नाही, भांड्यांसाठी. ही अट मोडली तर जागा विकून पैसे विठाला द्यावेत, ती त्याचे काय करील ते तिला आणि देवाला माहीत. पत्रावळी जिवलीकडून घ्याव्यात, ती म्हणेल त्या भावाने, ती द्यायला तयार असेल तर. तसे तिने अजून म्हटलेले नाही. विचारायचे धाडस मला झाले नाही.

साक्षीचे. शशिकांत म्हणाला, ज्याला यातून काही मिळते त्याने साक्ष घालू नये, पुढे कोर्टात खुसपट निघते, आणि साक्षीदार दोन हवेत. पेसूमल तयार होते. दुसरा कोण म्हणून आम्ही बघतोय, तर जिवली उंबऱ्याबाहेरूनच म्हणाली, "मना त्यातलं काय मिळत नाय ना?"

"तू नको म्हणालीस."

"मंग आना इकडं. मी ऐकलंय समदं." मी तिच्या आणि पेसूमल यांच्यादेखत खाली सही केली, आणि शशिकांतने शाईची गादी आणि कागद बाहेर नेऊन तिच्यापुढे धरला. तिने अंगठा उमटवला, बोट पदराला पुसले, आणि बदलापूरच्या गाडीची वेळ विचारून निघाली. मी दारात उभी राहून ती वळणाआड होईपर्यंत बघत होते. मला बरे वाटले असे म्हणणार नाही. भीती वाटली, तीही ऑपरेशनची नव्हे. ती येईल आणि मी नसेन, याची.

शेवटचे कलम, सह्यांच्या वर राखलेल्या जागेत. मी शुक्रवारी इस्पितळात जात आहे. डॉक्टरांना जे काढायचे ते काढू दे, पण मला परत पाठवू दे. बेलवलीच्या खाणावळीत जिवली आगिवले पैसे देऊन जेवायला येणार आहे, आणि तिला भाकरी विचारून वाढायची की न विचारता, हे मला अजून माहीत नाही. ते तिला विचारायचे राहिले आहे. म्हणून हे पत्र पुरे झाले असले, तरी ते अमलात आणण्याची कोणी घाई करू नये.

ठिकाण : उल्हासनगर, कॅम्प नं. ४
मंगळवार, दि. १९ नोव्हेंबर १९५७

सही : बकुळा हिंदुराव शिंगटे

साक्षीदार, ज्यांच्यासमक्ष वरील बाईंनी सही केली :

१. पेसूमल, दुकानदार, कॅम्प नं. ४ (सही सिंधी लिपीत)

२. जिवली सखा आगिवले, ठाकरवाडी, हिच्या डाव्या हाताचा अंगठा. नाव शशिकांत हिंदुराव शिंगटे याने तिच्या सांगण्यावरून, उंबऱ्याबाहेर उभे राहून लिहिले.